पोर्तुगीज बायकांचा आवाज

अजूनही त्या फ्रेंच टीव्ही चॅनेलचा लोगो दिसला की माझं डोकं फिरतं. मुलगी म्हणते, "आई, लेट इट गो." नाही सोडणार.

मी तेव्हा कॅनडात ब्रॉसार्डला राहायचे आणि जवळच्या मॉन्ट्रियलमधल्या एका पोर्तुगीज दिग्दर्शकासाठी साउंड रेकॉर्डिंग करायचे. साठी उलटलेले गृहस्थ. पाठीशी ना स्टुडिओ, ना निर्माता. दिवसा शाळेची बस चालवायचे आणि उरलेल्या वेळात फिल्म.

तेव्हाची त्यांची फिल्म म्हणजे ऑफिसं साफ करणाऱ्या पोर्तुगीज बायकांवरची डॉक्युमेंटरी. दिग्दर्शकांची थोरली बहीण त्यांच्यातलीच. किती हिवाळे मी माइक घेऊन त्या बायकांच्या मागे हिंडले! एका ठिकाणी बहीण नवऱ्याच्या आजारपणाबद्दल सांगता सांगता गप्प होते आणि नुसती मॉप पिळत राहते. "ही शांतता कापायची नाही," ते मला म्हणाले होते.

चॅनेलने फिल्म घेतली. पहिला खेळ पोर्तुगीज चर्चच्या बेसमेंटमध्ये ठेवला. बायका नटूनथटून, नातवंडांना घेऊन आल्या. दिवे मालवले, पडद्यावर बहीण बोलू लागली, आणि ऐकू आला कुणा नटीचा गुळगुळीत फ्रेंच आवाज. आम्हाला कुणी विचारलंही नव्हतं. बहीण गप्प होते तिथेसुद्धा निवेदन भरलेलं. तिला काय वाटत होतं ते ही नटी सांगणार.

बहीण माझ्या शेजारीच होती. "ही कोण बोलतेय?" तिने विचारलं.

दिग्दर्शक उठले आणि त्यांनी आवाज बंद केला. चॅनेलची बाई धावत आली. "सबटायटल्स कोण वाचतं हो? आम्ही या बायकांना लोकांपर्यंत पोहोचवतोय."

"बायका इथेच बसल्यात," ते म्हणाले. "त्यांना विचारा."

मग ते बहिणीशी पोर्तुगीजमध्ये काहीतरी बोलले. ती पडद्याशेजारी जाऊन उभी राहिली आणि मुक्या चित्राबरोबर आपलं बोलणं स्वतःच बोलू लागली. मग बाकीच्याही एकेक उठल्या. मॉप पिळायची जागा आली तशी बहीण थांबली. सगळा हॉल थांबला. त्या शांततेत चॅनेलची बाई मागे फोनवर कुजबुजत होती, तेवढंच ऐकू येत होतं.

पण करारानुसार फिल्ममध्ये बदल करायचा हक्क चॅनेलकडे होता. त्यांनी फिल्म नटीच्या आवाजातच दाखवली. दिग्दर्शकांनी आपलं नाव काढून घेतलं. 'मुक्या बायकांना आवाज देणारी फिल्म' असं एका समीक्षकाने कौतुकाने लिहिलं, ते वाचून मी लॅपटॉप आदळला. आवाज दिला म्हणे! तो त्यांना होताच. कानाला हेडफोन लावून, श्वासासकट मीच टिपला होता.

आमची मूळ फिल्म दिग्दर्शक आता हॉल मिळेल तिथे दाखवतात. परवा असाच एक खेळ झाला, मोजकी माणसं आली. नंतर गाडीभोवतीचं बर्फ शोव्हल करताना ते म्हणाले, "पुढची फिल्म बस ड्रायव्हरांवर करू. येशील ना?"

"येईन," मी म्हटलं. "पण या वेळी सहीआधी करार मी वाचणार."