उसना बेडका

गादी कारखान्यात त्याला सगळे खणखणीत म्हणत. आईबापांनी ठेवलेलं नाव हजेरीपटावर होतं, आणि ते तिथेच राहिलं. अंगाने तो काही पहिलवान नव्हता. खांदे उतरते, मान लांब, सदरा खुंटीला अडकवल्यासारखा लोंबायचा. पण आवाज! पिंजण्याचं यंत्र घरघरत असताना या टोकाकडून त्या टोकाला हाक पोचवावी तर त्यानेच. आणि आजारपण म्हणाल तर सर्दीसुद्धा त्याच्या दाराशी येऊन पत्ता चुकल्यासारखी परत जायची.

"दुखणं येतं ते माणसाचं तोंड बघून," त्याची बायको म्हणे. "यांचं तोंड बघून ते शेजारी जातं."

जाड गादी शिवणं हे एकट्याचं काम नाही. कापूस भरलेली खोळ लाकडी चौकटीला उभी बांधायची. अलीकडे एक माणूस, पलीकडे एक. अलीकडच्याने हातभर लांबीच्या दाभणाने गादी आरपार टोचायची, पलीकडच्याने सुई ओढून घ्यायची, दोर ताणायचा आणि बोटभर सोडून सुई परत पाठवायची. मध्ये भिंतीसारखी गादी, म्हणजे एकमेकांचं तोंड काही दिसत नाही. म्हणून नियम एकच. "घे" म्हटल्याशिवाय सुई सोडायची नाही, आणि पलीकडून "हां" आल्याशिवाय ढकलायची नाही. नाहीतर पलीकडच्याचा तळहात गेलाच म्हणून समजा.

पलीकडे त्याचा जोडीदार. दोघं मिसरूड फुटायच्या वयात कामाला लागले, ते दोघांचे केस पिकू लागले तरी त्याच चौकटीला. एका डब्यात जेवत, एका तांब्याने पाणी पीत. जोडीदार बोलायला गोड, चेहऱ्याने हसरा, आणि खणखणीतला त्याच्यावाचून घास जात नसे. बायको चिडवायची, "तुमचं लग्न माझ्याशी झालंय ना? की मी आपली मधली गादी?"

कारखान्यात खोकणं म्हणजे श्वास घेण्यासारखंच. कापूस उडू नये म्हणून खिडक्या बंद, आणि आत सगळ्यांच्या भुवया म्हाताऱ्यासारख्या पांढऱ्या. कोण कशाने खोकतंय, हे विचारायची पद्धतच नव्हती.

अशा ठिकाणी एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत इस्पितळातून एक बाई आल्या. त्यांना सगळे आकडेवाल्या बाई म्हणू लागले, कारण त्या औषध देत नव्हत्या की सुई टोचत नव्हत्या. नुसतं मोजत होत्या. इस्पितळाने क्षय ओळखायची एक नवी पट्टी आणली होती. बेडक्यात बुडवली की पाव तासात सांगणार, आहे की नाही. ती किती खरं बोलते, हे बाईंना काढायचं होतं.

खोळी शिवणाऱ्या मावशी जबर. त्यांनी हातातला घास तसाच धरून विचारलं, "म्हणजे तुम्ही आम्हाला तपासत नाही, पट्टीला तपासता?"

"हो मावशी. परीक्षा तिची आहे."

"मग तिला नापास करा आणि आम्हाला जेवू द्या."

बाई हसल्या, पण उठल्या नाहीत. म्हणाल्या, "तिला दोन प्रश्न विचारायचेत. ज्यांना खरंच क्षय आहे, त्यांतले किती ती ओळखते? आणि ज्यांना नाही, त्यांतल्या कितींना ती उगाच घाबरवत नाही? पहिल्याच उत्तरावर भुलायचं नाही. सगळ्या गावाला चोर म्हणणारा हवालदार एकही चोर सोडत नाही. त्याला कुणी हुशार म्हणेल का?"

"आणि खरा चोर कोण, ते कोण ठरवणार?" जोडीदाराने विचारलं.

"तोच बेडका आम्ही काचेच्या नळीत ठेवतो. जंतू असले तर काही आठवड्यांत त्यात वाढतात. नळी उशिरा बोलते, पण तिच्या बोलण्यावर भरवसा ठेवता येतो. पट्टीचं म्हणणं तिच्याशी ताडून बघायचं. त्यासाठी मला आजारी माणसं लागतात तशी धडधाकटही लागतात."

प्रत्येकाला झाकणाची एक डबी मिळाली. सकाळी उठल्याबरोबर, चूळ भरून, छातीतून खोल काढून आणायचा. थुंकी नको, बेडका. निकाल ज्याचा त्यालाच सांगू, असं बाई पुन्हापुन्हा म्हणाल्या. पण जिथे एकाची शिंक सगळ्यांना पाठ, तिथे निकाल कसला लपतोय! मालकाने तर सांगूनच टाकलं होतं: ज्याला निघेल तो बरा होईपर्यंत घरी. घरी बसलेल्या माणसाची चौकटीपुढची जागा राहत नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

त्या संध्याकाळी हात धुताना जोडीदार म्हणाला, "अरे, माझा खोकला कोरडा. सकाळी छातीतून दमडी निघत नाही. तूच माझ्या डबीत थोडा दे ना. तुझं काय, तू खणखणीत."

मित्राने मागितलं, याने दिलं. एवढंच. पण अशी गोष्ट एका कानात थोडीच राहते? पिंजणवाल्याने आपली डबी हळूच याच्या पिशवीत टाकली. गोण्या उचलणारे दोघं भाऊ आले. मावशीसुद्धा पदराआडून डबी काढून म्हणाल्या, "मला काही नाही झालेलं हो. पण उगाच हात दाखवून अवलक्षण कशाला?"

दुसऱ्या दिवशी उजाडताच खणखणीत मोरीपाशी डब्या मांडून बसला आणि पोटापासून खाकरू लागला. बायको दारात कमरेवर हात ठेवून उभी.

"लोक शेजाऱ्याला साखर देतात, विरजण देतात. आमचे हे बेडका उसना देतात!"

"अगं, घाबरलीत बिचारी. माझं काय जातंय?"

"परत घेताना बघून घ्या म्हणजे झालं."

सगळ्या डब्या स्वच्छ निघाल्या. पट्टी म्हणाली, "नाही", आणि काही आठवड्यांनी नळीही म्हणाली, "नाही". आकडेवाल्या बाई खुशीत आल्या. एवढ्या कापसात एवढ्या निरोगी छात्या, याचं त्यांना थोडं नवल वाटलं. पण पट्टी आणि नळी एकदाही भांडल्या नाहीत, याचा आनंद नवलापेक्षा मोठा होता. आनंदात माणूस फार चौकशा करत नाही.

थंडी सरता सरता बाई डब्या घेऊन पुन्हा आल्या. मधल्या काळात खणखणीतच्या कमरेचा पट्टा दोन भोकं आत गेला होता. संध्याकाळी अंग मोडून यायचं, झोपेत उशी भिजायची. तो म्हणे पांघरूण जाड आहे. दुपारच्या डब्यातलं अर्धं अन्न तो जोडीदाराकडे सरकवायचा, आणि जोडीदार त्याच्याकडे बघत बघत मुकाट्याने खायचा.

या वेळी पिशवीत डब्या पडल्या, पण जोडीदाराची नव्हती.

"तुझी कुठेय?"

"राहू दे रे," जोडीदार म्हणाला. "माझं मी बघतो. तुला किती त्रास द्यायचा!"

खणखणीतला भरून आलं. घरी जाऊन बायकोला सांगितलंसुद्धा, "एवढ्या जणांत एकालाच माझी दया आली बघ. मैत्री मैत्री म्हणतात ती ही."

सकाळी बाईंनी डब्या गोळा केल्या आणि कापसाच्या कोठीत बसून पट्ट्या बुडवल्या. मग एकेकाला आत बोलावू लागल्या. पिंजणवाला आत गेला तो माणूस, बाहेर आला ते चिपाड. दोघं भाऊ एकमेकांना धरून आले. मावशी तर दारातच मटकन बसल्या आणि सूर लावला, "मला क्षय झाला गं बाई! माझ्या लेकीचं कसं होणार? अजून तिचं..." आणि एकदम थांबल्या. डोळे पुसले. तोंड उघडं राहिलं. "पण तो माझा नव्हताच की!"

पिंजणवाल्याने मान वर केली. भावांनी एकमेकांना सोडलं. सगळ्यांच्या चेहऱ्यावर जीव परत आला, आणि तसाच जीव परत आलेल्या चेहऱ्यांनी सगळे खणखणीतकडे बघू लागले. मावशींनी तेवढा पदर नाकाला लावला, आणि लावल्याची लाज वाटून पुन्हा काढला.

एका माणसाचा क्षय इतक्या डब्यांत भरून आला होता.

तेवढ्यात जोडीदार कोठीतून बाहेर आला. "माझी स्वच्छ," तो म्हणाला, आणि हसला. एकटाच हसला.

"का रे," मावशी म्हणाल्या, "या खेपेला तू याची घेतली नव्हतीस का?"

खणखणीत कोठीत गेला. बाई डोकं धरून बसल्या होत्या. त्यांच्यापुढे पट्ट्यांची रांग, एक सोडून प्रत्येकीवर तीच लाल रेघ.

"काका, मला वाटतं हा पट्ट्यांचा गठ्ठाच खराब आहे. एका खोलीत एकाच दिवशी एवढ्या जणांना? पट्टी उगाच घाबरवतेय. मला वरती कळवावं लागेल, ही पट्टी भरवशाची नाही म्हणून."

गप्प बसला असता तर सुटला असता. पट्टीवर खापर फुटलं असतं, आणि पट्टीला कुठे तोंड होतं? पण त्याला त्या बाईची दया आली, आणि स्वतःची भीती वाटली.

"पट्टी खोटी नाही बाई," तो म्हणाला. "या लाल रेघेच्या डब्या माझ्या आहेत. सगळ्या. मागच्याही."

बाई त्याच्याकडे बघतच राहिल्या. मग अगदी हळू म्हणाल्या, "म्हणजे मी एकाच माणसाला इतक्यांदा विचारत होते. पट्टी आणि नळी भांडणार कशा?" त्यांचा आवाज चिरकला. "तुम्हा सगळ्यांवर विश्वास ठेवून मी साहेबांपुढे छाती काढून बोलले होते, काका."

"मीही एकावर ठेवला होता," तो म्हणाला.

बाईंनी डोळे कोरडे केले आणि सांगितलं, क्षय औषधाने बरा होतो, मात्र औषध मध्ये सोडायचं नाही. उद्या सगळ्यांनी अंगणात, त्यांच्या डोळ्यांसमोर डब्या भरायच्या. आधीचं सगळं रद्द.

खणखणीत चौकटीपाशी आला. जोडीदार पलीकडे आपल्या जागी उभा होता. मध्ये अर्धी शिवलेली गादी.

"तुला कळलं होतं," याने अलीकडून विचारलं.

पलीकडे दोर ताणल्याचा आवाज आला.

"तुझा सदरा भिजायचा मागून," जोडीदार म्हणाला. "डबा टाकायचास. मला वाटलं, तुझं तुला कळेलच."

"मग बोलला का नाहीस?"

"बोललो असतो तर तू विचारलं असतंस, तुला कसं रे कळलं."

खणखणीतने गादीवर हात टेकला. आता त्याला एकेक आठवू लागलं. तो कोरडा खोकला. रुमाल तोंडाशी नेऊन लगेच मुठीत चुरगाळणं. एक तांब्या, एक डबा.

"पहिल्या डबीपासून?"

"त्याच्याही आधीपासून. औषध सुरू केलं होतं, पण कुणाला कळलं तर घरी बसावं लागेल म्हणून मध्येच सोडलं... अरे, माझी पोरं लहान."

"आणि माझी? ती काय मागून आणलेली?"

"तुला काही होत नसे रे! सगळे म्हणायचे खणखणीत, मलाही तसंच वाटलं."

"वाटलं, तोवर माझी घेतलीस. वाटेनासं झालं, तेव्हा दुसऱ्याची. कुणाची?"

"मेहुण्याची."

"आणि मला म्हणालास, तुला त्रास नको."

पलीकडे दोर सैल पडला. खणखणीत म्हणाला, "इतकी वर्षं आपण सुईसाठीसुद्धा 'घे' म्हणत आलो. एवढी मोठी सुई सोडलीस, तेव्हा एक शब्द नाही टाकलास?" त्याला ओरडायचं होतं. पण ती कारखानाभर पोचणारी हाक गादीच्या पलीकडेसुद्धा धड पोचली नाही. मध्येच खोकला आला.

दुसऱ्या दिवशी अंगणात सगळे अंतर ठेवून उभे राहिले. बाई समोर. खाकरण्याचा असा काही गदारोळ झाला की भिंतीवरचे कावळे उडाले. मावशींनी आपली डबी दिव्यासारखी दोन हातांनी धरून दिली. "माझाच आहे हो, शंभर टक्के घरचा!" लोक हसले. त्यांची, पिंजणवाल्याची, भावांची, एकेक स्वच्छ निघाली.

जोडीदार मात्र रिकामी डबी धरून उभा. "निघत नाही," तो पुटपुटला. बाई म्हणाल्या, थांबते मी. मग इतक्या वर्षांच्या सवयीने त्याचा हात आपोआप बाजूला आला आणि डबी खणखणीतपुढे झाली. सगळ्यांनी पाहिलं. डोळ्यांत पाणी होतं त्याच्या, खोटं नव्हतं.

खणखणीतने दोन्ही हात पाठीमागे नेले.

"तुझं तू बघ," तो म्हणाला.

जोडीदार खोकला. पहिल्यांदा सगळ्यांदेखत पोटभर खोकला. त्याच्या पट्टीवर रेघ उमटली, आणि काही आठवड्यांनी नळीनेही तेच सांगितलं. बाईंच्या मोजणीत ती रेघ पट्टीची खरी ओळख म्हणून धरली गेली. खणखणीतनेही त्या दिवशी एकाला ओळखलं, पण उशिरा, असं मात्र तिथे कुणी लिहून घेतलं नाही.

दोघं घरी बसले. दोघांनी औषध पुरं केलं, इस्पितळाच्या एकाच बाकावर, दोन टोकांना बसून. मालकाने मावशींच्या जिभेला भिऊन म्हणा की बाईंच्या समजावण्याने म्हणा, दोघांच्या जागा ठेवल्या. खिडक्याही उघडल्या. कापूस थोडा उडतो, उडू दे.

खणखणीत बरा झाला. अंग भरलं, भूक परत आली. आवाज मात्र आला नाही. नाव तेवढं राहिलं. जोडीदार दुसऱ्या चौकटीला गेला. येता-जाता थांबतो, ओठ हलवतो, जातो. मालकाने खणखणीतला दोन-तीन जण जोडीला देऊन पाहिले. पलीकडून "हां" आलं की याचा हात थबकायचा, सुई पुढे जाईना.

आता तो एकटाच शिवतो. अलीकडून सुई टोचतो, उठून चौकटीला वळसा घालून पलीकडे जातो, ओढतो, दोर ताणतो, परत टोचतो, आणि पुन्हा अलीकडे येतो. एका गादीला दुप्पट वेळ लागतो. बायको डबा घेऊन येते, दारात उभी राहून त्याच्या फेऱ्या बघते, आणि चिडवायचं काही सुचत नाही म्हणून म्हणते, "अहो, या आता. जेवण निवतंय."