केंडाचे दात

दुपारी अडीचच्या सुमारास आमची गिरगावातली चाळ पेंगुळते. त्या वेळी रमाकांतकाकांच्या खोलीत गेलं की पाय आपोआप हळू पडतात. खिडकीशी काचेची टाकी आहे, तिच्यातला हिरवट उजेड भिंतीवर हलत असतो, आणि त्या उजेडात नलूकाकू खुर्चीत बसलेल्या असतात. दोन वर्षांपूर्वी त्यांना झटका आला. उजवं अंग गेलं, बोलणं गेलं. म्हणजे माणसांशी बोलणं गेलं. टाकीतल्या माशाशी त्या दिवसभर काहीतरी पुटपुटतात. ते कुणालाच कळत नाही, काकांनाही नाही. मासा मात्र काचेशी येऊन, एकेक डोळा वेगळा फिरवत, ऐकत राहतो.

त्यांचा मुलगा उन्मेष बंगळूरला गेला, तेव्हा टाकी मागे ठेवून गेला. मासा मोठ्या लिंबाएवढा, हिरवट-पिवळा, काळ्या ठिपक्यांचा. मी शेजारची, माहेर मालवणचं. मी त्याला लगेच ओळखलं.

"काका, हा केंड माशातलाच. आमच्याकडे हे जाळी कुरतडतात. डिवचलं की पाणी गिळून टम्म फुगतात. आणि चुकून कुणी खाल्ला तर हातपाय लुळे पडतात, मग श्वास थांबतो. शुद्ध मात्र बराच वेळ असते. त्यावर उतारा नाही."

काका हसले. "अंबिका, त्याचं विष म्हणे समुद्रातल्या खाण्यातून येतं. आमच्याकडे दुकानातल्या खाण्याच्या भिजवलेल्या गोळ्या आणि उकडलेले मटार खाऊन कसलं विष साठणार? हा आता सोवळ्यातला."

काकांनी चाळीस वर्षं एका दातांच्या दवाखान्यामागच्या खोलीत कवळ्या घडवल्या. गिरगावातले निम्मे म्हातारे त्यांच्याच दातांनी हसले. बोलताना ते समोरच्याच्या डोळ्यांकडे न बघता जबड्याकडे बघत. मला राग यायचा. पुढे त्यांचा हात थरथरायला लागला, तशी त्यांनी सगळी हत्यारं बिस्किटाच्या डब्यात भरून माळ्यावर टाकली. हात गेला, म्हणाले, आणि विषय संपवला. त्याचाही मला रागच आला होता.

गेल्या महिन्यात माशाने खाणं सोडलं. गोळी तोंडाला लागायची आणि खाली पडायची. चौथ्या दिवशी तो तळाशी जाऊन बसला आणि काकूंचं पुटपुटणं बंद झालं. त्यांनी ताटही सरकवलं. काका इतके घाबरलेले मी कधी पाहिले नव्हते. भिंग घेऊन ते तासभर काचेशी बसले, आणि मग मला हाक मारली.

"याचे दात वाढलेत गं. चार दात जुळून चोचीसारखे झालेत, ते जन्मभर वाढतात. समुद्रात शिंपले फोडून झिजत असतील. आमच्या घरात शिंपला कुठून येणार? गोळीसुद्धा टोचू नये म्हणून मी भिजवून देत होतो." त्यांनी भिंग खाली ठेवलं. "प्रेमाने उपाशी मारला मी याला."

मासे विकणाऱ्या दुकानात फोन केला. लवंगेच्या तेलाने गुंगी आणून दात कापतात, पण आमच्याकडे कुणी करत नाही, असं उत्तर आलं.

"तुम्ही करा, काका."

"माझा हात बघतेस ना?"

"मग बसा दोघं बघत," मी म्हटलं आणि स्टूल घेऊन माळ्यावरचा डबा काढला.

जागा असताना केंडाला हवेत उचलायचं नाही. हवा गिळून फुगला तर ती बाहेर पडणं कठीण. म्हणून काकांनी वाडगाच टाकीत बुडवून त्याला पाण्यासकट आणलं. तेलाचे दोन थेंब थोड्या पाण्यात घुसळून ओतले. खोलीभर लवंगेचा वास पसरला. मासा संथ झाला, कलला, आडवा झाला. मलाही झोप आल्यासारखं वाटायला लागलं.

काकांची एक जुनी रीत होती. अनामिका कशावर तरी घट्ट टेकवायची, म्हणजे बाकीचा हात थरथरत नाही. इथे टेकवायची कशावर?

तेवढ्यात काकूंनी डावा हात मेजावर ठेवला, उताणा. कोळणीची पाटी अंगाला घासली तर आंघोळ करणारी बाई ही. काकांनी तो हात ओला केला, ओल्या फडक्यात गुंडाळलेला मासा त्यात ठेवला, आणि आपली अनामिका काकूंच्या अंगठ्याच्या बुडाशी टेकवली. तार कापायची बारीक कात्री पुढे आली. कट. पांढरा कण उडाला. पुन्हा कट. खालच्या रस्त्यावरचे आवाज फार लांबून येत होते.

काकांनी फडकं सोडवून तो हात माशासकट टाकीत उतरवला, पण मासा आडवाच राहिला. कल्ले हलेनात. काकूंचा हात अजून त्याच्याखाली होता.

"पुढे ने त्याला, नलू. तोंडातून पाणी जाऊ दे."

काकू त्याला पाण्यातून हळूहळू पुढे नेत राहिल्या, काठाशी वळवून पुन्हा पुढे. मला वाटलं, मारला आपण. रडू आलं. किती वेळ गेला, सांगता येणार नाही. मग एक पर थरथरला, आणि मासा त्यांच्या बोटांवरून घसरून आपला आपण निघून गेला.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी बाजारातून सगळ्यात बारीक तिसऱ्या, म्हणजे शिंपल्या, आणल्या आणि उंबऱ्यावर थांबले. काकांनीच पिशवी घेतली. एक तिसरी पाण्यात टाकली. मासा वर आला, एक डोळा तिच्यावर, एक आमच्यावर. शिंपला फुटल्याचा आवाज काचेतून स्पष्ट ऐकू आला.

काकूंनी टाकीवरची नजर काढली. खुर्चीतल्या खुर्चीत वळून त्यांनी काकांकडे पाहिलं आणि एकेक अक्षर सावकाश लावत विचारलं, "अहो, जेवलात?"

काका पिशवी हातात घेऊनच त्यांच्या खुर्चीशी जाऊन बसले. मग मीच म्हटलं, "नाही जेवले, काकू. सकाळपासून काही खाल्लं नाही त्यांनी."