सेकंदाला दोन फेरे

बोलताना मामांची उजवी मूठ हवेत गोल फिरत राहायची, जात्याचा खुंटा धरल्यासारखी. ‘सेकंदाला दोन फेरे, भाऊसायेब. कमी न्हाई, जास्त न्हाई,’ हे त्यांचं पालुपद. आमच्या सोसायटीच्या गोदामाचे ते राखणदार, मी सचिव. दुष्काळात राखायला होतं काय म्हणा. उंदीरसुद्धा गाव सोडून गेलेले.

त्यांच्याकडे वडिलांची लाकडी पेटी होती. वडील निजामाच्या राज्यात जत्रांमधून सिनेमाचा तंबू लावायचे. दांडा फिरवला की पेटी चित्र घ्यायची. मागून दिवा लावला की तीच पेटी ते पडद्यावर दाखवायची. पुढं बोलपट आले, मोटारीवर चालणारे कॅमेरे आले, मामांनी दांडा सोडला नाही. ‘चित्र घेताना हळू फिरवलं तर पडद्यावर माणसं पळत्यात, जोरात फिरवलं तर सावकाश चालत्यात. समदं मनगटात हाय.’

चारा डेपोच्या उद्घाटनासाठी चेअरमननी एक कोरं रीळ मागवलं आणि बजावलं, ‘वाया घालवलं तर मामाची नोकरी गेली समजा.’

आदल्याच दिवशी सकाळी ऊसतोडीची टोळी निघाली. शेजारच्या आजीचा एकुलता पोरगा पहिल्यांदाच चालला होता. बघतो तर मामा रस्त्यात पेटी मांडून दांडा गरगर फिरवतायत.

‘मामा, कावून एवढं जोरात? रीळ संपंल की.’

‘संपू द्या. म्हातारीला मोतीबिंदू हाय. पोरगं झटकन गेलं तर तिला दिसंल का?’

खोटं कशाला सांगू, मला रागच आला. दुसऱ्या दिवशी चेअरमन रिकाम्या पेटीसमोर पाऊण तास बोलले. मामा इमानदारीत दांडा फिरवत होते.

रीळ हैदराबादेहून धुऊन आलं. भर दुपारी गोदामाची दारं लावून आम्ही धोतर ताणलं. चेअरमन पुढच्या खुर्चीत. धोतरावर मात्र बैलगाड्या निघाल्या, पाण्यातून चालल्यासारख्या. पोरगा वळला, त्यानं हात वर केला, आणि तो हात खाली यायला किती वेळ लागला म्हणून सांगू. ‘दिसला गं बाई, दिसला,’ आजी पुटपुटली. चेअरमन उठून गेले.

मामांची नोकरी गेली. मी शब्दसुद्धा टाकला नाही, ते अजून डाचतं. पेटी माझ्या टेबलावर ठेवून म्हणाले, ‘आजीला दाखवत जावा.’ आणि त्या वयात पुढच्या टोळीबरोबर ऊस तोडायला गेले. पाडव्याला पोरगा परत आला. मामा तिकडंच तापानं गेले.

त्यांचा फोटो कुणाकडेच नाही. पण रीळ लावून बघा तुम्ही: ऊन पाठीमागून आहे, आणि धुळीत मामांची लांब सावली पडली आहे. सावलीचा हात फिरतो. मी दांड्याचा एक फेरा दिला की तोही एकच फेरा घेतो. मी हळू झालो की तोही हळू होतो.

रीळ संपत आलं की मी अगदी हळू फिरवतो.