काठोकाठ भरलेला माठ

एका माठासाठी पुण्याहून औरंगाबादला जाणारा शहाणा माणूस मला दाखवा. पण दादांना, म्हणजे वडिलांना, तिथल्या गारखेड्याहून आमच्याकडे आणल्यापासून त्यांनी पाणी जवळपास सोडलंच होतं. फ्रिजचं घशाला टोचतं, नळाचं बेचव लागतं. "पाणी पोटात गेलं नाही, तर सलाईन लावावं लागेल," डॉक्टरांनी बजावलं. दादांचं उत्तर एकच, "आपल्याकडचा माठ आण." भर उन्हाळ्यात एस.टी. धरली.

शहागंजच्या बाजारात माठच माठ होते, रंगवलेले, चकचकीत. "सालभर एक बूँद नहीं रिसेगा, साहब," दुकानदार अभिमानानं म्हणाला. न पाझरणारा माठ! मग त्याला बरणी म्हणा की. मी तापलेलं डोकं घेऊन निघालो.

विचारत विचारत गारखेड्यात दादांच्या ओळखीच्या कुंभाराकडे पोचलो. आवा (मडकी भाजायची भट्टी) नुकताच उघडला होता. कुंभारीणबाईंनी भाकरी आणि ठेचा पुढे केला. ठेच्यानं डोळ्यांतून धारा लागल्या. तिकडे कुंभारमामा एकेक माठ वाजवून बाजूला ठेवत होते, आणि माझी शेवटची गाडी निघायला आली होती.

"मामा, कोणताही द्या हो."

"आजारी मानसाला कोन्ताबी कसा देऊ? ह्यो लई भाजलाय, पाझरनार नाय. माठानं थोडं पानी जाऊ द्यावं लागतं, तवा उरल्यालं गार ऱ्हातं."

अखेर एक पसंत पडला. मामांनी तो विहिरीच्या पाण्यानं काठोकाठ भरला.

"अहो, रिकामा द्या. मला बसनं न्यायचाय."

"आमच्या दारातून नवं भांडं रिकामं जात नाय, पाव्हनं."

"अर्धा तरी?"

"अर्ध्या पान्यानं कुनाची तहान भागती व्हय?"

स्टँडवर पाणी ओतून द्यायला वाकलो, पण हात धजावेना. दादांचं सगळं आयुष्य याच पाण्यावर गेलं होतं. माठ मांडीवर घेऊन बसलो. पाझरायला तो पक्का होता, एवढं मान्य. पँट भिजली, खड्ड्याखड्ड्याला शर्ट भिजला, शेजारच्या बाई उठून मागे गेल्या. वाहकाची नजर तर सांगण्यासारखी नव्हती. पुण्यापर्यंत मी कुंभाराच्या सात पिढ्या उद्धरल्या.

घरी आलो तेव्हा सांडून-पाझरून तळाशी पेलाभर पाणी उरलं होतं. दादांनी ते एका दमात संपवलं आणि पेला पुढे केला.

"अजून."

अजून नव्हतं. मी माठात नळाचं पाणी ओतलं.

सकाळी स्वयंपाकघरात तळं साचलं होतं, आणि दादा पेला घेऊन माठाशेजारी बसले होते. फरशी पुसता पुसता मी कुंभाराला पुन्हा शिव्या घातल्या, पण हळू आवाजात. दादा पाणी पीत होते.