ओडार्काच्या गोठ्यातले रानघोडे

आमच्या गावच्या सामुदायिक गोठ्यात ओडार्कानं एकवीस वर्षं गाईंच्या धारा काढल्या. अणुभट्टी फुटली तेव्हा माणसांना बसमध्ये घातलं, गाईंना ट्रकमध्ये. पुढच्या वसंतात ती कुणालाही न जुमानता परत आली. मागोमाग मीही आलो. आता अख्ख्या गावात दोनच चुली पेटतात.

माणसं गेली तसं रान आत सरकलं. शाळेत रानडुकरीण व्याली, ओढ्यावर झाडं कुरतडून पाडणाऱ्या बीव्हरांनी लाकडांचा बांध घातला. पुढं अधिकाऱ्यांनी या भागात रानघोडे आणून सोडले.

एका जुलैत ओडार्का म्हणाली, "ख्वेदिर, माझ्या गोठ्यात ताजी लीद पडलीय."

"रानातले घोडे छपराखाली कशाला येतील?"

"तुझी परवानगी घ्यायची राहिली असेल त्यांची."

दुसऱ्या दिवसापासून ती दुधाच्या खोलीत फटीला डोळा लावून बसली. भर दुपारी अकरा घोडे एकामागून एक आत शिरायचे आणि नुसते उभे राहायचे. बाहेर कोवळं गवत सोडून अंधारात कशासाठी? तिला काही कळेना. तिसऱ्या दिवशी घोडे गेल्यावर ती त्यांच्या जागी जाऊन उभी राहिली. मग मला हाक मारली.

"काय चावतंय तुला इथं?"

"काही नाही."

"तेच. बाहेर गोमाश्या रक्त काढतात, इथं एकही नाही."

ऑगस्टमध्ये वावटळीनं गोठ्याचं दार आपटलं आणि बाहेरची कडी पडून अडकली. आतून लाथांचा दणदणाट सुरू झाला.

"तुडवतील तुला," मी म्हणालो.

ती भिंतीला चिकटत गेली आणि बाजूनंच काठीनं कडी उचलली. घोडे मुसंडी मारून बाहेर पडले. आम्हाला वाटलं, आता काही येत नाहीत. तरी दोघांनी मिळून दार बिजागऱ्यांवरून उतरवलं. पाचव्या दुपारी ते परत आले. मी ओडार्काला गुपचूप हसताना पाहिलं.

शरदात कीव्हहून सोलोमिया नावाची संशोधक आली. सगळं ऐकून तिनं विचारलं, "आजी, माश्यांचं कसं ओळखलंत?"

"गाई काय कमी शेपट्या मारतात, पोरी?"

सोलोमियानं गोठ्यात कॅमेरा बसवला. त्यात घोडे तर दिसलेच, पण ते गेल्यावर एक लिंक्सही दिसला, कानांवर झुपके असलेलं ते मोठं रानमांजर. लिदीतले दाणे खायला उंदीर येतात, त्यांच्यामागं हा येत असावा, असा ओडार्काचा अंदाज आहे. खात्री करायला हल्ली ती रोज उंदरांची बिळं शोधत फिरते.