झाडाच्या स्टँडमधला पांढरा गाळ

मेट्रनबाईंना निवृत्त होऊन सहा वर्षं झाली होती, पण ही बातमी अजून त्यांच्यापर्यंत पोचली नव्हती. चौतीस वर्षं हॉस्पिटलचा वॉर्ड चालवल्यावर आता दोन खोल्या, एक गॅलरी आणि एक नवरा एवढ्यावरच त्यांना भागवावं लागत होतं. नवरा चित्रकलेचा मास्तर, तोही निवृत्त. बाईंना चादरीवर सुरकुती चालत नसे आणि मास्तरांना सुरकुतल्या चादरीवर बसल्याशिवाय चित्र सुचत नसे.

यंदा नाताळला मुलीनं खरंखुरं झाड पाठवलं, लोखंडी स्टँडसकट. स्टँड म्हणजे चार स्क्रूंनी बुंधा आवळून धरणारं एक खोलगट घमेलं. त्यात रोज पाणी घालायचं. बाईंनी झाडाला जणू ॲडमिटच करून घेतलं. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर तक्ता आखला : तारीख, वेळ, किती पाणी प्यायलं. पहिल्या दिवशी झाड तीन लिटर प्यायलं तेव्हा "तब्येत उत्तम" असा शेरा पडला. शेवटी शेवटी ते जेमतेम पेलाभरावर आलं, तशी बाईंचीच अन्नावरची वासना उडाली.

सण सरून आठवडा लोटला आणि झाडाच्या सुया चहात पडू लागल्या, तेव्हा बाईंनी सकाळीच जाहीर केलं, "आज डिस्चार्ज."

मास्तर चटकन म्हणाले, "स्टँड मी धुतो."

बाईंनी चष्मा कपाळावर चढवला. एकेचाळीस वर्षांच्या संसारात असलं वाक्य त्यांनी पहिल्यांदाच ऐकलं होतं.

"तुम्ही? कप विसळायला दिला तर कान विसरता. तुम्ही खोड धरा."

मग सगळं शिस्तीत झालं. बाईंनी खाली जुनी चादर पसरली आणि मोठ्या सिरिंजनं स्टँडमधलं पाणी ओढून बादलीत सोडायला सुरुवात केली. पाण्याला कुजकट वास येत होता, वर चिकाचा तवंग होता. पाणी गढूळ पांढरं कसं, हे त्यांना खटकलं. पण चीकच असेल म्हणून त्यांनी सोडून दिलं. चार स्क्रू सैल केले, मास्तरांनी झाड आडवं केलं आणि दोघांनी ते ओढत गॅलरीत नेलं. वाटेत मास्तर दोनदा म्हणाले, "तू दमलीस, स्टँड राहू दे माझ्याकडे." त्यामुळे तर बाईंनी तो उचलून थेट न्हाणीघर गाठलं.

ब्रश पहिल्यांदा फिरवला तेव्हाच तळाचा गाळ हलला. पांढराशुभ्र, खडूच्या लगद्यासारखा. आणि त्यावर फुगलेल्या, लांबट अशा दोन वस्तू, मधोमध चीर असलेल्या. चौतीस वर्षं हाताळलेली चीज बाईंनी अंधारातही ओळखली असती. मास्तरांची रोजची कॅल्शियमची गोळी!

"अहो!"

गॅलरीतला झाडू थांबला. मास्तरांनी तो हळूच भिंतीला टेकवला. ते दारात येऊन उभे राहिले.

"कधीपासून?"

"झाड आलं तेव्हापासून. त्याआधी कुंडीत टाकायचो."

"माझ्यासमोर तर तोंडात टाकत होतात!"

"गालात ठेवायचो. तू तक्ता लिहायला वळलीस की..." मास्तरांनी हातानंच पुढचं दाखवलं.

"झाडाचं पिणं कमी झालं ते यामुळे! आणि मी रोज पाणी मोजत बसले!" बाईंचा आवाज चढला. "पण का?"

"घशात अडकते गं. केवढी ती गोळी! पहिल्याच दिवशी श्वास कोंडला होता माझा."

"मग सांगायला काय झालं होतं?"

"तू म्हणाली असतीस, लहान मुलंसुद्धा गिळतात."

अगदी हेच बाई म्हणाल्या असत्या. वॉर्डात प्रत्येक पेशंटला त्या आधी विचारायच्या, "गिळता येतंय ना?" घरच्या पेशंटला मात्र एकदाही विचारलं नव्हतं. त्यांनी नळ सोडला आणि जरा जास्तच जोरात ब्रश चालवला. मास्तर खाली बसले. न सांगता त्यांनी व्हिनेगरची बाटली पुढे केली, गंजलेले स्क्रू फडक्यानं पुसले, त्यांना तेलाचं बोट लावलं.

"कान विसरला नाहीत हं," बाई म्हणाल्या. आणि मग त्यांना जे हसू फुटलं ते स्टँड गॅलरीत उन्हात उपडा घालेपर्यंत आवरेना.

दुपारी त्यांनी डॉक्टरांना फोन केला. संध्याकाळी चघळायच्या गोळ्या आल्या, संत्र्याच्या चवीच्या. मास्तरांनी एक चघळली आणि आणखी मागितली.

"दिवसाला एकच," बाई म्हणाल्या. "आता आ करा बघू."