सोप्रानोला हसायची बंदी

"एक गाणं म्हणतील ना ओ? छोटंसं?"

आमच्या सांस्कृतिक मंडळाचे अध्यक्ष खातू दार न वाजवताच केबिनमध्ये घुसले होते. समोर पेशंटच्या खुर्चीत फिनलंडच्या लीसाबाई. शेजारी त्यांच्या विहीणबाई, आमच्या सुमतीकाकू. काकूंच्या लेकीचं लीसाबाईंच्या मुलाशी लग्न झालं होतं. खोकला असूनही बाई आग्रहाखातर मांडवात गायल्या आणि सकाळी आवाजच गेला.

मी कान-नाक-घशाचा डॉक्टर. नाकातून बारीक कॅमेरा घालून पाहिलं. आवाज काढणाऱ्या दोन पट्ट्या असतात. एकीत रक्त साकळलं होतं. अशात गायलं तर आवाज कायमचा बिघडू शकतो.

लीसाबाई सोप्रानो, म्हणजे बायकांमधला सगळ्यात वरच्या पट्टीचा आवाज. त्या ऑपेरात गातात, म्हणजे अख्खं नाटक गाऊन करायचं. समोर भलामोठा वाद्यमेळ आणि माइक नाही. तळ्याकाठच्या गावातल्या चर्चमध्ये सुरुवात करून त्या मोठमोठ्या रंगमंचांवर पोचल्या होत्या. घरी परतल्यावर त्यांचा निरोपाचा प्रयोग होता. हे सगळं त्यांनी मोबाइलवर टाइप करून सांगितलं. शेवटी विचारलं, "तो प्रयोग होईल?"

"व्हॉइस रेस्ट घेतलीत तर. बोलायचं नाही, कुजबुजायचं नाही. हसायचंसुद्धा नाही."

"पण त्यांच्या गाण्याचे बॅनर लागलेत!" खातू म्हणाले. "निदान एक ओळ?"

"पाय मोडलेल्याला निदान एक फेरी मार म्हणाल?"

"त्या परदेशी आहेत ओ. त्यांना सवय असते."

कसली सवय, देव जाणे.

शेवटी नुसता सत्कार ठरला. मी पहिल्या रांगेत पहाऱ्याला. शाल झाली, श्रीफळ झालं. मग खातूंनी माइक धरला. "पाहुण्यांचा घसा बसलाय. रसिकांची निराशा नको!" आणि नाट्यपद सुरू केलं. पेटी एका वाटेला, खातू दुसऱ्या. तान सुरू होताच लीसाबाईंचे खांदे हलू लागले. त्यांनी शालीचं टोक तोंडात कोंबलं. डोळ्यांतून घळाघळा पाणी. मी ओठांवर बोट ठेवलं.

"डॉक्टर, बाहेर नेऊ का ह्यांना?" काकू कळवळून म्हणाल्या.

पण बाईंनी आवाज फुटू दिला नाही. आयुष्यभर कमावलेला दम खातूंच्या तानेपुढे टिकला.

दुसऱ्या दिवशी पेपरात बातमी: 'खातूंच्या गायनाने विदेशी गायिकेला अश्रू अनावर.'

जायच्या आधी पुन्हा कॅमेरा घातला. रक्त विरलं होतं. पुढे प्रयोगही झाला. काकूंनी क्लिप दाखवली. तो शेवटचा उंच सूर ऐकताना मी बाहेरचे पेशंट विसरलो.

खातूंनी ते कात्रण फ्रेम करून घेतलंय. आता दर कार्यक्रमात गातात. व्हॉइस रेस्ट लिहून देता येते, पण फक्त घसा बिघडलेल्या माणसाला. खातूंचा घसा ठणठणीत आहे.